‘रेसिमिक’ : सेंद्रिय रसायनशास्त्रातील एका संज्ञेचा अर्थ, व्याप्ती आणि उपयोजन

सारांश : सेंद्रिय रसायनशास्त्राच्या पदवी अभ्यासक्रमात ‘रेसिमिक’ ही संज्ञा वारंवार येते; परंतु तिचा वापर करताना नमुना आणि रेणू, मिश्रण आणि स्फटिक, प्रकाशीय वलन आणि त्रिमितीय रचना यांची गल्लत होते. प्रस्तुत लेखात या संज्ञेची व्युत्पत्ती, तिचा नेमका अर्थ, तिच्याशी निगडित संज्ञांतील भेद आणि औषधांच्या संदर्भातील तिचे महत्त्व यांचे विवेचन केले आहे.

बीजसंज्ञा : रेसिमिक, रेसिमेट, एनँशिओमर, कायरॅलिटी, प्रकाशीय वलन, विभेदन

१. प्रस्तावना

शास्त्रीय संज्ञा ही केवळ नाव नसते. ती एक संकल्पना थोडक्यात बांधून ठेवते. संज्ञेचा अर्थ सैल झाला की संकल्पनाही सैल होते. ‘रेसिमिक’ या शब्दाच्या बाबतीत हे विशेष जाणवते. “ज्याचे प्रकाशीय वलन शून्य असते ते रेसिमिक” ही व्याख्या विद्यार्थी पाठ करतात व परीक्षेत लिहितात. ही व्याख्या अपुरी आहे. पाण्याचेही प्रकाशीय वलन शून्यच असते, म्हणून पाण्यास कोणी रेसिमिक म्हणत नाही. या अपुऱ्या व्याख्येमुळे मेसो संयुग, अकायरल संयुग आणि रेसिमिक नमुना हे तिन्ही एकाच रांगेत बसविले जातात. हा प्रश्न केवळ गुणांपुरता मर्यादित नाही. औषधाच्या गोळीत कोणता पदार्थ किती प्रमाणात आहे, हे समजण्यासाठीही या शब्दाचा अचूक अर्थ माहीत असणे आवश्यक आहे. म्हणून रसायनशास्त्राबरोबरच जीवशास्त्र, औषधनिर्माणशास्त्र व वनस्पतिशास्त्र शिकविणाऱ्या प्राध्यापकांनाही या संज्ञेचा परिचय उपयुक्त ठरेल.

२. व्युत्पत्ती व ऐतिहासिक पार्श्वभूमी

लॅटिन भाषेत ‘रॅसेमस’ म्हणजे द्राक्षांचा घड. वनस्पतिशास्त्रात मंजरी या फुलोऱ्यास ‘रेसीम’ म्हणतात, तो शब्दही याच मुळातून आला आहे. रसायनशास्त्रात हा शब्द आला तो द्राक्षमद्याच्या पिंपांतून. मद्य मुरत असताना पिंपाच्या तळाशी व कडांना जो क्षार जमतो, त्यापासून टार्टारिक अम्ल मिळविले जात असे. हेच अम्ल आपल्याकडील चिंचेच्या आंबटपणाचे प्रमुख कारण आहे. १८२० च्या सुमारास फ्रान्समधील अल्सास प्रांतात थान येथे केस्टनर यांच्या कारखान्यात टार्टारिक अम्लाबरोबर आणखी एक, कमी विद्राव्य असे अम्ल आढळले. गे-ल्युसॅक यांनी १८२६ मध्ये त्याचा अभ्यास केला आणि द्राक्षांशी असलेल्या संबंधावरून त्याला ‘रेसिमिक अम्ल’ हे नाव मिळाले. म्हणजे मुळात ‘रेसिमिक’ हे एका विशिष्ट पदार्थाचे नाव होते. पदार्थांच्या एका वर्गाचे ते विशेषण पुढे झाले.

या दोन अम्लांचे घटक व त्यांचे प्रमाण तंतोतंत सारखे होते. बर्झेलियस यांनी १८३० च्या सुमारास ‘समघटकता’ ही संकल्पना मांडली, तेव्हा हे अम्लयुग्म त्यांच्यासमोर होते. बिओ यांनी दाखविले की, टार्टारिक अम्लाचा विद्राव प्रतलध्रुवित प्रकाशाचे प्रतल उजवीकडे वळवितो, तर रेसिमिक अम्लाचा विद्राव ते मुळीच वळवीत नाही. १८४४ मध्ये मिट्शरलिख यांनी असा निष्कर्ष काढला की, दोन्ही अम्लांचे सोडियम-अमोनियम क्षार स्फटिकरूप, घनता इत्यादी सर्व बाबतींत एकसारखे आहेत. फरक आहे तो केवळ प्रकाशीय वलनाचा.

हे विधान पंचवीस वर्षांच्या लुई पाश्चर यांना पटले नाही. १८४८ मध्ये त्यांनी रेसिमिक अम्लाच्या सोडियम-अमोनियम क्षाराचे स्फटिक बारकाईने तपासले. स्फटिकांच्या काही कोपऱ्यांवर लहान तिरकस पैलू होते. काही स्फटिकांत ते उजव्या बाजूस, तर काहींत डाव्या बाजूस होते. दोन्ही प्रकारचे स्फटिक एकमेकांच्या आरशातील प्रतिमांसारखे होते. पाश्चर यांनी ते हाताने वेचून वेगळे केले व त्यांचे स्वतंत्र विद्राव तयार केले. एका विद्रावाने प्रकाशाचे प्रतल उजवीकडे, तर दुसऱ्याने तितकेच डावीकडे वळविले. दोन्ही समप्रमाणात एकत्र केल्यावर वलन नाहीसे झाले. वयोवृद्ध बिओ यांनी हा प्रयोग आपल्यासमोर पुन्हा करवून घेतला आणि मगच तो मान्य केला.

या प्रयोगाच्या यशात तापमानाचाही वाटा होता. सुमारे २७ अंश सेल्सिअसच्या खाली हा क्षार दोन प्रकारच्या स्वतंत्र स्फटिकांत विभागला जातो. त्यापेक्षा अधिक तापमानास दोन्ही रूपे एकाच स्फटिकात एकत्र येतात व वेचण्यासारखे काही उरत नाही. हाच प्रयोग महाराष्ट्रातील एखाद्या महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत एप्रिल महिन्यात उघड्या पात्रात केला, तर तो बहुधा फसेल.

३. संज्ञेचा नेमका अर्थ

ज्या रेणूची आरशातील प्रतिमा मूळ रेणूवर तंतोतंत बसविता येत नाही, तो रेणू कायरल होय. उजवा व डावा तळहात हे याचे परिचित उदाहरण आहे. ‘कायरल’ हा शब्दही हात या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून लॉर्ड केल्व्हिन यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस योजला. अशा रेणूच्या परस्परांच्या प्रतिमा असलेल्या दोन रूपांना एनँशिओमर म्हणतात. १८७४ मध्ये व्हान्ट हॉफ व ल बेल यांनी स्वतंत्रपणे कार्बन अणूची चतुष्फलकीय रचना मांडली व या द्वैताला रचनात्मक आधार मिळाला.

यावरून ‘रेसिमिक’ची व्याख्या पुढीलप्रमाणे करता येते : एखाद्या कायरल पदार्थाचे दोन्ही एनँशिओमर समान रेणुसंख्येने ज्या नमुन्यात असतात, तो नमुना रेसिमिक होय, अशा नमुन्यास रेसिमेट म्हणतात.

या व्याख्येतील ‘नमुना’ हा शब्द सर्वांत महत्त्वाचा आहे. कायरल असणे हा रेणूचा गुणधर्म आहे. रेसिमिक असणे हा रेणूंच्या समुदायाचा गुणधर्म आहे. एकटा रेणू उजवा असेल किंवा डावा असेल, पण तो कधीही रेसिमिक असू शकत नाही. रेसिमिक नमुन्यातील प्रत्येक रेणू कायरलच असतो. वलन शून्य होते ते रेणूंच्या अंगी वलनक्षमता नसते म्हणून नव्हे, तर विरुद्ध दिशांची समान वलने एकमेकांस छेदतात म्हणून.

हे लक्षात घेतले की मेसो संयुगाशी होणारी गल्लत टळते. मेसो-टार्टारिक अम्लाच्या रेणूत दोन त्रिमितीय केंद्रे असली, तरी त्याचा एक अर्धा भाग दुसऱ्या अर्ध्या भागाची प्रतिमा असतो. म्हणून तो रेणूच अकायरल असतो. रेसिमिक अम्लातून उजवे व डावे रूप वेगळे काढता येते. मेसो अम्लातून वेगळे काढण्याजोगे काही नसतेच. शून्य वलन दोहोंत आहे, पण त्याची कारणे पूर्णतः भिन्न आहेत. भौतिक गुणधर्मही भिन्न आहेत : (+)-टार्टारिक अम्ल सुमारे १७० अंश सेल्सिअसला, रेसिमिक अम्ल सुमारे २०६ अंशांना, तर मेसो अम्ल सुमारे १४० अंशांना वितळते.

उलटपक्षी, शून्य वलन हा रेसिमिक असल्याचा निर्णायक पुरावाही नव्हे. वलनाचे मूल्य विद्रावक, तापमान व प्रकाशाची तरंगलांबी यांवर अवलंबून असते. काही शुद्ध एनँशिओमरांचे वलन इतके अल्प असते की, ते ध्रुवणमापीवर दिसत नाही. म्हणून आधुनिक प्रयोगशाळेत कायरल स्तंभावरील क्रोमॅटोग्राफीसारख्या पद्धतींनी दोन्ही एनँशिओमरांचे प्रत्यक्ष प्रमाण मोजले जाते.

४. निकटवर्ती संज्ञांतील भेद

(अ) रेसिमिक संयुग आणि काँग्लोमरेट : विद्रावात सर्व रेसिमेट सारखेच वागतात, भेद दिसतो तो घनावस्थेत. ज्या स्फटिकाच्या जालकात उजवे व डावे रेणू समान संख्येने, ठरावीक मांडणीत असतात, त्यास रेसिमिक संयुग म्हणतात. याउलट प्रत्येक स्फटिकात एकाच प्रकारचे रेणू असून उजव्या व डाव्या स्फटिकांचे केवळ यांत्रिक मिश्रण झालेले असेल, तर त्यास काँग्लोमरेट म्हणतात. तांदूळ आणि डाळ एकत्र करून ठेवणे व दोन्ही दळून एकाच पिठाची भाकरी करणे, यांत जसा फरक आहे तसा हा भेद स्थूलमानाने समजावता येईल. बहुतेक रेसिमेट पहिल्या प्रकारचे असतात. काँग्लोमरेटचे प्रमाण सुमारे पाच ते दहा टक्के मानले जाते. पाश्चर यांच्या हाती आलेला क्षार या अल्पसंख्य वर्गातील होता. ‘रेसिमिक मिश्रण’ हा शब्दप्रयोग कधी रेसिमेट या व्यापक अर्थाने, तर कधी काँग्लोमरेट या संकुचित अर्थाने वापरला गेला आहे. म्हणूनच त्रिमितीय रसायनशास्त्राचे जाणकार तो टाळण्याचा सल्ला देतात.

(आ) चिन्ह आणि रचना : (+) व (−) ही चिन्हे प्रयोगाने मोजलेल्या वलनाची दिशा दर्शवितात, ‘आर’ व ‘एस’ ही अक्षरे कान, इन्गोल्ड व प्रेलॉग यांच्या नियमांनुसार ठरविलेली त्रिमितीय रचना दर्शवितात. या दोहोंत कोणताही निश्चित संबंध नाही. लेव्होसेटिरिझिन व लेव्होफ्लॉक्सॅसिन या दोन परिचित औषधांच्या नावांत ‘लेव्हो’ म्हणजे वामवलनी हा उपसर्ग आहे. परंतु पहिल्याची रचना ‘आर’ आहे व दुसऱ्याची ‘एस’. रेसिमेट दर्शविण्यासाठी नावापूर्वी (±) हे चिन्ह किंवा ‘रॅक’ हा उपसर्ग लिहितात.

(इ) एनँशिओमरिक आधिक्य : नमुना शुद्ध आणि रेसिमिक या दोन टोकांच्या मध्येही असू शकतो. एका नमुन्यात आर-रूप ७५ टक्के व एस-रूप २५ टक्के असेल, तर त्यातील २५ टक्के आर व २५ टक्के एस मिळून ५० टक्के भाग रेसिमिक ठरतो आणि उरलेले ५० टक्के हे आर-रूपाचे आधिक्य होय. अशा नमुन्यास “७५ टक्के शुद्ध” म्हणणे व त्याचे आधिक्य ५० टक्के आहे असे म्हणणे, ही दोन वेगळी विधाने आहेत. शोधनिबंध वाचताना हा भेद ध्यानात ठेवावा लागतो.

(ई) रेसिमीभवन : एका एनँशिओमरपासून रेसिमेट तयार होण्याच्या प्रक्रियेस रेसिमीभवन म्हणतात. दोन्ही एनँशिओमरांची ऊर्जा समान असते; परंतु मिश्रणामुळे एंट्रॉपी वाढते. २५ अंश सेल्सिअसला मुक्त ऊर्जेतील घट प्रतिमोल सुमारे १.७ किलोज्यूल इतकी असते. ही घट लहान असली तरी दिशा निश्चित आहे : मार्ग उपलब्ध झाला की शुद्ध रूप रेसिमिक अवस्थेकडे जाते. कार्बोनिल गटाशेजारील कार्बन कायरल असेल, तर आम्ल किंवा अल्कली यांच्या सान्निध्यात ईनॉल अथवा ईनोलेट रूपाद्वारे हे घडते. एस-एन-१ अभिक्रियेत “रेसिमीभवन होते” असे सरसकट शिकविले जाते. प्रत्यक्षात निघून जाणारा गट काही क्षण एका बाजूस आड येत असल्याने विपरीत रचनेचे उत्पादन बहुधा थोडे अधिक मिळते. म्हणून तेथे ‘अंशतः रेसिमीभवन’ असे म्हणणे अधिक योग्य होय.

सजीवांच्या प्रथिनांतील ॲमिनो आम्ले जवळजवळ सर्वस्वी एल-रूपात असतात व त्यांचेही मंद गतीने रेसिमीभवन होते. दातातील डेंटिनमध्ये ॲस्पार्टिक आम्लाचे डी-रूप वयानुसार वाढत जाते. त्यावरून व्यक्तीच्या वयाचा अंदाज करण्याची पद्धत न्यायवैद्यकशास्त्रात वापरली जाते.

(उ) विभेदन : रेसिमेटमधून एनँशिओमर वेगळे करण्याच्या क्रियेस विभेदन म्हणतात. हाताने स्फटिक वेचणे, सिंकोनाच्या अल्कलॉइडांबरोबर क्षार तयार करून त्यांच्या विद्राव्यतेतील फरकाचा लाभ घेणे, आणि केवळ एकच रूप खाणाऱ्या बुरशीची मदत घेणे, या तिन्ही पद्धती पाश्चर यांनीच १८४८ ते १८५८ या दशकात दाखवून दिल्या. साध्या विभेदनात इच्छित रूपाचे उत्पादन पन्नास टक्क्यांहून अधिक मिळू शकत नाही. नको असलेल्या रूपाचे त्याच वेळी रेसिमीभवन घडवून आणले, तर ही मर्यादा ओलांडता येते. म्हणजे रेसिमीभवन सदैव अनिष्टच असते असे नाही.

५. औषधांच्या संदर्भातील महत्त्व

मानवी शरीरातील प्रथिने स्वतः कायरल असल्याने ती औषधाच्या दोन एनँशिओमरांना सारखी वागणूक देत नाहीत. उजव्या हाताचा मोजा डाव्या हातात बसत नाही, तसाच हा प्रकार आहे. ॲम्लोडिपिन हे रक्तदाबावरील औषध रेसिमेट म्हणून दिले जाते. अपेक्षित परिणाम मुख्यतः एस-रूपाचा असतो. भारतात एस-ॲम्लोडिपिनही स्वतंत्रपणे मिळते. ५ मिलिग्रॅम ॲम्लोडिपिनच्या जागी त्याची मात्रा २.५ मिलिग्रॅम असते. सेटिरिझिन १० मिलिग्रॅम व लेव्होसेटिरिझिन ५ मिलिग्रॅम यांचा संबंधही असाच आहे. नावातील एका अक्षराकडे वा उपसर्गाकडे दुर्लक्ष झाले, तर मात्रा दुप्पट किंवा निम्मी होण्याचा धोका संभवतो.

मात्र “रेसिमिक औषधाचा अर्धा भाग वायाच जातो” हा सर्वसाधारण नियम नव्हे. आयबुप्रोफेनचे वेदनाशामक कार्य एस-रूप करते; परंतु आर-रूपाचा बराच भाग शरीरातच एस-रूपात परिवर्तित होतो. ओमेप्रॅझोल व एसोमेप्रॅझोल यांच्या बाबतीतही मात्रेचा सरळ निम्मा हिशेब लागू पडत नाही, कारण दोन्ही रूपांचे यकृतातील विघटन भिन्न गतीने होते. प्रत्येक औषधाचा विचार स्वतंत्रपणेच करावा लागतो.

या संदर्भात थॅलिडोमाइडचे उदाहरण वर्गात हमखास दिले जाते. हे औषध १९५७ मध्ये पश्चिम जर्मनीत विक्रीस आले व १९६१ च्या अखेरीस मागे घेण्यात आले. गर्भवती स्त्रियांनी ते घेतल्याने जगभरात दहा हजारांहून अधिक बालके व्यंगासह जन्मली. “आर-रूप निर्धोक होते, एस-रूप घातक होते, शुद्ध आर-रूप विकले असते तर हा अनर्थ टळला असता,” असे या घटनेचे तात्पर्य सांगितले जाते. हे तात्पर्य चुकीचे आहे. थॅलिडोमाइडच्या कायरल कार्बनवरील हायड्रोजन सहज निघतो व पुन्हा जोडला जातो. त्यामुळे शरीरातील तापमानास व आम्लतेस काही तासांतच एका रूपाचे दुसऱ्या रूपात परिवर्तन होते. शुद्ध आर-रूप दिले असते, तरी रक्तात एस-रूप निर्माण झालेच असते. सदर शोकांतिका घडली ती गर्भावरील परिणामांची पुरेशी तपासणी न करता औषध वापरात आणल्यामुळे. केवळ विभेदन न केल्यामुळे नव्हे. हे उदाहरण अयोग्य रीतीने सांगितल्यास, शुद्ध एनँशिओमर म्हणजे सुरक्षित औषध असा घातक समज विद्यार्थ्यांच्या मनात रुजतो. हेच औषध आज कुष्ठरोगातील एका तीव्र प्रतिक्रियेवर व मल्टिपल मायलोमा या कर्करोगावर, गर्भधारणेबाबत कठोर दक्षता घेऊन, रेसिमेट म्हणूनच वापरले जाते.

१९९२ मध्ये अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने कायरल औषधांविषयीचे धोरण जाहीर केले. त्यानुसार रेसिमेटवर सरसकट बंदी नाही. परंतु दोन्ही एनँशिओमरांचा अभ्यास करणे व निवडीचे समर्थन करणे उत्पादकाकडून अपेक्षित असते. एकाच एनँशिओमरची निर्मिती करण्याच्या उत्प्रेरकी पद्धतींसाठी २००१ मध्ये नोल्स, नोयोरी व शार्पलेस यांना, तर असममित सेंद्रिय उत्प्रेरणासाठी २०२१ मध्ये लिस्ट व मॅकमिलन यांना नोबेल पारितोषिक देण्यात आले. यावरून रेसिमेट टाळण्याच्या प्रयत्नांना रसायनशास्त्रात किती महत्त्व आहे हे दिसून येते.

६. मराठीतून अध्यापन करताना

मराठीतून शिकविताना एक वेगळी अडचण येते. रेसिमेटचे वर्णन ‘प्रकाशतः निष्क्रिय’ असे केले जाते. ‘निष्क्रिय’ हा शब्द विद्यार्थ्यांस निष्क्रिय वायूंच्या संदर्भात आधीच परिचित असतो. त्यामुळे रेसिमेट हा रासायनिकदृष्ट्या मंद पदार्थ आहे, असा गैरसमज होऊ शकतो. त्याऐवजी ‘वलनरहित’ हा शब्द योजल्यास अर्थ नेमका राहील. त्याचप्रमाणे पदार्थासाठी ‘रेसिमेट’, स्फटिकप्रकारांसाठी ‘रेसिमिक संयुग’ व ‘काँग्लोमरेट’, आणि प्रक्रियेसाठी ‘रेसिमीभवन’ असे शब्द ठरवून घ्यावेत. ‘रेसिमिक’ला संस्कृतोद्भव प्रतिशब्द शोधण्याची निकड नाही, ज्या शब्दाशी द्राक्षाच्या घडाचा इतिहास जोडलेला आहे, तो शब्द तसाच ठेवून त्याचा अर्थ स्पष्ट करणे अधिक श्रेयस्कर होय.

प्रश्नपत्रिकेतही “रेसिमिक म्हणजे काय?” या प्रश्नाऐवजी, वलन शून्य असलेले तीन नमुने देऊन त्यांपैकी अकायरल, मेसो व रेसिमिक कोणता हे कारणासह विचारल्यास आकलनाची खरी परीक्षा होईल.

७. समारोप

‘रेसिमिक’ हा शब्द एका अम्लाचे नाव म्हणून जन्मास आला आणि दोनशे वर्षांत पदार्थांच्या एका अवस्थेचे वर्णन करणारा झाला. ही अवस्था रेणूची नसून नमुन्याची आहे. वलनाचा अभाव हा तिचा परिणाम आहे, व्याख्या नव्हे. आणि ती चांगली वा वाईट हे संदर्भावाचून ठरविता येत नाही. या तीन गोष्टी अध्यापनात स्पष्ट झाल्या, तर विद्यार्थी संज्ञा पाठ करण्याऐवजी ती वापरू लागतील. औषधनिर्मितीच्या क्षेत्रात पुढे काम करणाऱ्या विद्यार्थ्यांच्या दृष्टीने ही स्पष्टता केवळ शैक्षणिक न राहता रुग्णाच्या सुरक्षिततेशी निगडित ठरते.